अवमान नेमका कुणाचा?

'न्यायालयाचा अवमान' हा शब्दप्रयोग मला थोडा फसवा वाटतो. अधिकाऱ्यानं आदेश पाळला नाही की दुखावलं जातं ते न्यायालय, असं त्यातून सूचित होतं. ज्याच्या जमिनीचा किंवा घराचा तो आदेश असतो, तो माणूस या शब्दांत कुठेच नाही.

माझ्या सिंधुदुर्ग जिल्ह्यात हा प्रश्न अगदी दाराशी आला. 23 फेब्रुवारी 2025ला भारत-पाकिस्तान क्रिकेट सामना झाला. त्यावेळी देशविरोधी घोषणा दिल्याच्या आरोपावरून मालवणात तक्रार झाली आणि दुसऱ्याच दिवशी नगरपरिषदेनं त्या कुटुंबाचं बांधकाम अनधिकृत म्हणून पाडलं. 24 मार्चला सर्वोच्च न्यायालयानं अवमान याचिकेवर मुख्याधिकाऱ्यांना नोटीस काढली. नोटीस म्हणजे निकाल नव्हे, हे खरं. पण प्रश्न उभा राहतोच.

याचिकेचा आधार 13 नोव्हेंबर 2024चा निकाल आहे. रस्ता, पदपथ, नदीपात्र असे अपवाद सोडले तर पाडकामाआधी 15 दिवसांची नोटीस आणि सुनावणी द्यायची, असं त्यात सांगितलं आहे. ते न पाळल्यास अवमान कारवाई होईलच, शिवाय बांधकाम पुन्हा उभारण्याचा खर्च अधिकाऱ्याच्या खिशातून.

यावर गावात हमखास ऐकू येणारा युक्तिवाद असा: बांधकाम अनधिकृतच होतं, मग आज पाडलं काय आणि पंधरा दिवसांनी पाडलं काय? पण किनारपट्टीवर किती घरांचे कागद चोख आहेत? सातबारावर पणजोबांची नावं, सामायिक जमिनी, न झालेल्या वाटण्या. कागदात खोट अनेकांच्या असेल, तर त्यातलं कुणाचं घर आज पाडायचं हे कायदा ठरवत नाही, त्या दिवसाचा राग ठरवतो. माझ्या धंद्यात डेटा कायमचा पुसण्याआधी सिस्टम थांबते, पुन्हा विचारते. पुसणारा अप्रामाणिक असतो म्हणून नाही, मागे फिरता येत नाही म्हणून.

अधिकाऱ्यावर जमावाचा आणि वरच्यांचा दबाव असतो, हेही खरं. पण हाच नियम त्याची ढाल आहे. 'पंधरा दिवस माझे हात बांधलेले आहेत' असं तो जमावाला सांगू शकतो. ढाल वापरायचीच नाही असं ठरवलं, तर दबावाची सबब अर्धीच उरते.

1971च्या कायद्यानुसार अवमानाला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड होऊ शकतो; माफी मागितली तर सुटकाही होते. पण ही माफी न्यायालयाकडे मागायची असते. पुण्यातल्या पाषाणच्या जमिनीचंच पाहा. सरकारनं 1963 साली ती ताब्यात घेतली. मूळ मालक सर्वोच्च न्यायालयापर्यंत जिंकले, तरी मोबदल्याचा वाद 2024मध्येही चालूच होता. त्या ऑगस्टमध्ये वनखात्याच्या अतिरिक्त मुख्य सचिवांना अवमानाची नोटीस गेली ती शपथपत्रातल्या एका विधानावरून. साठ वर्षांच्या टाळाटाळीपेक्षा एक वाक्य लवकर बोचलं.

न्यायालयाचा मान राखायलाच हवा. तो मोडला तर दुबळ्याच्या हाती काहीच उरत नाही. पण आदेशाचं पालन झालं का, हे माफीनाम्यावरून ठरू नये. जमीन परत मिळाली का, मोबदला जमा झाला का, चिऱ्याची भिंत पुन्हा उभी राहिली का, यावरून ठरावं. 2024च्या निकालातली खर्चवसुलीची अट म्हणूनच मला कैदेपेक्षा महत्त्वाची वाटते. त्या अटीत पहिल्यांदा घरमालक दिसतो.