दुकान बंद, गेम कोणाचा?

निन्टेंडोचा 'वी' हा कन्सोल 2006 च्या नोव्हेंबरात बाजारात आला आणि पुढे दहा कोटींहून अधिक विकला गेला. हातातला रिमोट हवेत फिरवत टेनिस खेळायचा कन्सोल, अशीच त्याची बहुतेकांना ओळख. पण त्याच्यात एक दुकानही होते, 'वी शॉप चॅनल'. टीव्हीच्या पडद्यावर गेम निवडायचा, 'वी पॉइंट्स' मोजायचे आणि गेम इंटरनेटवरून थेट घरात यायचा. अमेरिकेत शंभर पॉइंट म्हणजे एक डॉलर. एनईएस या निन्टेंडोच्याच जुन्या कन्सोलचे गेम साधारण 500 पॉइंटांना मिळत, सुपर एनईएसचे 800 ला, निन्टेंडो 64 चे हजाराला. 2008 पासून 'वीवेअर' या नावाखाली केवळ डाउनलोडसाठी केलेले नवे गेमही येऊ लागले. त्यांना ना डबा होता ना डिस्क. दुकानापलीकडे त्यांचा कुठे ठावठिकाणाच नव्हता.

या कन्सोलच्या आत साठवणुकीची जागा होती 512 मेगाबाइट. त्यातलाही काही भाग त्याच्या स्वतःच्या प्रणालीने अडवलेला. हौसेने गेम घेणाऱ्याची जागा काही महिन्यांतच भरून जाई. एसडी कार्डावर प्रत काढता येत होती, पण मार्च 2009 च्या अपडेटपर्यंत कार्डावरून गेम चालत नसे. खेळायचा तर तो परत आत आणावा लागे. म्हणून दुकानातच एक सोय ठेवली होती. न लागणारा गेम पुसून टाका, तुम्ही घेतलेल्या गेमांची यादी आमच्याकडे आहे, पुन्हा हवा झाला की त्याच कन्सोलवर फुकट डाउनलोड करा. लोकांनी या भरवशावर गेम घेतले आणि या भरवशावरच ते पुसले.

मला जे म्हणायचे आहे ते या तपशिलातच आहे. पुन्हा डाउनलोड करण्याची सोय ही विक्रीनंतर मिळणारी वरकड सेवा नव्हती. साठवणूक तोकडी ठेवून कन्सोल विकला गेला आणि तिची उणीव या सोयीने भरून काढली गेली. तेव्हा ही सोय विकलेल्या मालाचाच भाग होती आणि तिची किंमत गिऱ्हाइकाने पाच, आठ, दहा डॉलरांत आधीच दिलेली होती. ती काढून घेणे म्हणजे विकलेल्या वस्तूचा एक भाग परत नेणे.

26 मार्च 2018 पासून पॉइंट भरणे बंद झाले आणि 30 जानेवारी 2019 रोजी दुकान मिटले. आधी घेतलेले गेम पुन्हा डाउनलोड करण्याची वाट मात्र उघडी ठेवली होती. ही वाटही पुढे कधीतरी बंद होईल, असे कंपनीने तेव्हाच सांगून ठेवले होते. तारीख दिली नव्हती. 2022 मध्ये काही महिने ही यंत्रणा चालेनाशी झाली, तेव्हा पुष्कळांना वाटले की तो दिवस न सांगताच आला. ती परत सुरू झाली. तरी त्या काही महिन्यांत पैसे दिलेल्या माणसाच्या हाती वाट पाहण्यापलीकडे काही नव्हते, ना तक्रारीला आधार, ना हक्काचा कागद.

निन्टेंडोच्याच वी यू आणि 3डीएस या नंतरच्या कन्सोलांची दुकाने 27 मार्च 2023 रोजी मिटली. एक्सबॉक्स 360 चे दुकान 29 जुलै 2024 रोजी बंद झाले. दोन्ही ठिकाणी खरेदी थांबली आणि घेतलेले गेम पुन्हा उतरवण्याची सोय राहिली. याबद्दल कंपन्यांना श्रेय द्यायलाच हवे. प्लेस्टेशन 3 आणि व्हीटा यांची दुकाने 2021 च्या उन्हाळ्यात बंद करण्याचे सोनीने जाहीर केले होते. लोकांनी इतका जोराचा निषेध केला की एप्रिलमध्येच तो निर्णय मागे घ्यावा लागला. ही सगळी उदाहरणे समाधानाची वाटतात खरी. पण प्रत्येक ठिकाणी निर्णय कंपनीच्या मर्जीचा होता. मर्जी चांगली होती म्हणून गेम राहिले. उद्याच्या व्यवस्थापनाची मर्जी कशी असेल, हे आजचे व्यवस्थापनही सांगू शकणार नाही.

इथे दोन गोष्टी वेगळ्या ठेवायला हव्यात, कारण वादात त्यांची नेहमी गल्लत होते. एखादा गेम दुकानातून काढणे निराळे आणि तो घेतलेल्या माणसाला पुन्हा न देणे निराळे. स्कॉट पिलग्रिमच्या कॉमिक्सवर आधारलेला युबिसॉफ्टचा गेम 2010 मध्ये आला, 2014 च्या अखेरीस दुकानांतून गेला आणि जानेवारी 2021 मध्ये परतला. परवाने संपतात, गाण्यांचे आणि पात्रांचे हक्क दुसऱ्याकडे असतात. नवी विक्री थांबते यात अन्याय नाही. 'पी.टी.'ची गोष्ट वेगळी आहे. कोनामीची ही छोटी भयकथा ऑगस्ट 2014 मध्ये प्लेस्टेशन 4 वर आली, एप्रिल 2015 च्या अखेरीस दुकानातून गेली आणि त्यानंतर ज्यांनी ती आधी घेतली होती त्यांनाही ती पुन्हा उतरवून घेता येईनाशी झाली. ती फुकट होती, त्यामुळे पैसे बुडाल्याचा दावा कोणी करू शकला नाही. परिणाम असा झाला की ज्या कन्सोलमध्ये ती उरली होती, ते कन्सोल लोक लिलावात भारी किमतीला विकू लागले.

कंपन्यांची बाजू खोटी आहे असे मी म्हणणार नाही. सर्व्हर चालवायला खर्च येतो. जुन्या कन्सोलची सुरक्षाव्यवस्था पंधरा-वीस वर्षांपूर्वीची असते. क्रेडिट कार्डाचे व्यवहार तिच्यावर चालू ठेवणे धोक्याचे. पण हा युक्तिवाद खरेदीला लागू पडतो, पुन्हा डाउनलोडला नाही. तिथे कार्ड लागत नाही, पैसे फिरत नाहीत. आधीच कुलूपबंद केलेली फाइल मागणाऱ्याला द्यायची आणि त्याच्या नावावर तिची नोंद आहे का ते पाहायचे, एवढेच काम असते. वीवेअरच्या गेमला तर साधारण 40 मेगाबाइटची मर्यादा होती. आजच्या एकेका गेमचा आकार शंभर गिगाबाइटपर्यंत जातो. त्यापुढे वीवरच्या साऱ्या गेमांचा साठा किती लहान असेल याचा अंदाज कोणालाही करता येईल. आणि निन्टेंडोनेच पैसे घेणे, विकणे आणि पुन्हा देणे हे तीन दरवाजे वेगवेगळ्या वेळी हाताळून दाखवले. म्हणजे ते वेगळे करता येतात.

खरी अडचण साठवणुकीची नाहीच, नोंदीची आहे. आपल्याकडे लग्नात आलेल्या भांड्यांवर नाव घालून घ्यायची पद्धत होती. भांडे शेजारी गेले, कार्यालयात राहिले, तरी मालकी त्याच्या अंगावर असे. डिजिटल गेमची मालकी गेमच्या अंगावर नसते, ती विकणाऱ्याच्या वहीत असते. वीच्या बाबतीत तर ती माणसाच्या नावावरही नव्हती, त्या एका यंत्राच्या नावावर होती. एसडी कार्डावर काढलेली प्रत त्याच यंत्राच्या किल्लीने बांधलेली. दुसऱ्या वीमध्ये घातली तर चालत नाही. 2012 मध्ये वी यू आला तेव्हा जुन्या यंत्रावरचे गेम नव्यावर हलवण्याची तजवीज केली गेली. हलवताना पडद्यावर पिकमिन नावाचे इवलेसे जीव सामान वाहून नेताना दिसत. मुलांना ते पाहायला फार आवडे. पण ती वाटही एकमार्गी होती आणि तिलाही कंपनीचे सर्व्हर लागत.

यंत्र कायमचे टिकत नाही. फ्लॅश मेमरीतला विद्युतभार वर्षानुवर्षे तसाच राहत नाही, आणि न वापरता कपाटात ठेवलेल्या यंत्राची मेमरीही बिघडू शकते. प्लेस्टेशन 4 मध्ये घड्याळासाठी एक छोटी गोल बॅटरी असते. ती संपली आणि सोनीच्या सर्व्हरशी संपर्क होऊ शकला नाही, तर डाउनलोड केलेले गेम उघडत नाहीत, हे 2021 मध्ये खेळाडूंनी तपासून दाखवले. सर्व्हर बंद झाल्यावर काय होणार, हा प्रश्न त्यातून उभा राहिला. सप्टेंबर 2021 च्या अपडेटने ही अडचण दूर झाली. मला हे उदाहरण फार महत्त्वाचे वाटते. कोणाचे नुकसान झाले नाही, चोरट्या प्रती वाढल्याचा गलका झाला नाही आणि कोट्यवधी यंत्रांना त्यांच्या निर्मात्यावाचूनही चालता येईल अशी व्यवस्था एका अपडेटने झाली. करायचे ठरवले तर होते.

कायद्याने या प्रश्नाला हात घातला नाही असे नाही. युरोपीय संघाच्या न्यायालयाने जुलै 2012 मध्ये 'यूज्डसॉफ्ट विरुद्ध ओरॅकल' या खटल्यात सांगितले की पैसे घेऊन बेमुदत परवान्यावर सॉफ्टवेअरची प्रत डाउनलोड करू देणे ही विक्रीच आहे. प्रत देणे आणि परवाना देणे हे एकाच व्यवहाराचे अविभाज्य भाग आहेत. मला हा विचार पायाभूत वाटतो. प्रत आणि परवाना एकमेकांपासून तोडता येत नसतील, तर नुसता परवाना गिऱ्हाइकाच्या हाती ठेवून प्रत रोखून धरणे कसे चालेल? गेमांपर्यंत मात्र हा विचार टिकला नाही. व्हॉल्व्ह कंपनीच्या स्टीम या ऑनलाइन दुकानातून घेतलेले गेम दुसऱ्याला विकता येतील असा निर्णय पॅरिसच्या न्यायालयाने 2019 मध्ये दिला, तो 2022 मध्ये अपिलात फिरला. कॅलिफोर्नियाने 2024 मध्ये कायदा केला आणि तो 1 जानेवारी 2025 पासून लागू झाला: परवानाच देत असाल तर तसे स्पष्ट न सांगता 'खरेदी करा' असे बटण ठेवता येणार नाही. दुकानदाराने खरे बोलावे एवढीच सक्ती त्यात आहे. गिऱ्हाइकाला त्याने काही मिळत नाही, आणि आता कंपन्या बिनदिक्कत सांगू शकतील की आम्ही तुम्हाला आधीच सांगितले होते.

हा प्रश्न आपल्यापासून दूरचा नाही. प्लेस्टेशन 5 भारतात फेब्रुवारी 2021 मध्ये आला. डिस्क चालणारा 49,990 रुपयांना आणि डिस्कची खाच नसलेला डिजिटल 39,990 रुपयांना. दहा हजार वाचत होते म्हणून मध्यमवर्गीय घरात दुसराच घेतला जाणे साहजिक होते. त्या घरातल्या प्रत्येक गेमचा भरवसा पुन्हा डाउनलोडवर आहे, कारण आतली जागा भरली की काही ना काही पुसावेच लागते. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्याचे कलम 52 संगणक प्रणालीची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती हरवली वा खराब झाली तर हाताशी असावी म्हणून, राखीव प्रत करू देते. हक्क चांगला आहे. कन्सोलवर तो बजावायला जागाच नाही, कारण कुलपाची किल्ली विकणाऱ्याकडे असते, आणि कुलपे तोडण्याबद्दलचे 65ए हे कलम 2012 च्या दुरुस्तीने आले आहे. त्यातही कायद्याने मुभा दिलेल्या कामासाठी सूट ठेवली आहे. पण घरात कन्सोल असलेला सामान्य माणूस ती सूट घेऊन करणार काय?

आणखी एक बाजू आहे आणि ती खरेदीदाराच्याही पुढची आहे. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने 2023 मध्ये पाहणी केली, तेव्हा 2010 पूर्वी तिथे प्रसिद्ध झालेल्या गेमांपैकी 87 टक्के बाजारात कोणत्याच रूपात मिळत नव्हते. जपानच्या राष्ट्रीय संसद ग्रंथालयात 2000 पासून डिस्क आणि कार्ट्रिजवरचे गेम पुस्तकांप्रमाणे जमा होतात. पण 2025 मध्ये निन्टेंडोच्या स्विच 2 या कन्सोलसोबत 'गेम-की कार्ड' आले. त्या कार्डात गेम नसतोच, डाउनलोड करण्याची किल्ली तेवढी असते. अशी कार्डे संग्रहात घेता येणार नाहीत असे ग्रंथालयाचे म्हणणे आहे, आणि ते बरोबर आहे; किल्ली जपून ठेवली म्हणजे घर जपले जात नाही. आपल्याकडे 1954 च्या कायद्याने प्रत्येक प्रकाशकाला पुस्तकाच्या प्रती कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि आणखी तीन ग्रंथालयांना द्याव्या लागतात. त्यांत मुंबईच्या टाउन हॉलमधले मध्यवर्ती ग्रंथालय आहे. पुण्यात, बंगळुरूत, हैदराबादेत आज गेम तयार होतात. त्यांची एकही प्रत कोणी मागत नाही.

म्हणून मागणी मोघम नको. बेमुदत म्हणून विकलेला गेम पुन्हा डाउनलोड करता येणे हा विक्रीचा भाग आहे असे ग्राहक कायद्यात लिहिले जावे. ज्या दिवशी कंपनीला ते परवडेनासे होईल, त्या दिवशी तिने पुरेशी आगाऊ सूचना द्यावी, सर्व्हरची अट काढणारे शेवटचे अपडेट द्यावे, प्रत दुसऱ्या यंत्रावर हलवू द्यावी आणि एक प्रत ग्रंथालयात जमा करावी. प्लेस्टेशन 4 च्या बॅटरीच्या प्रकरणाने यातले सर्वात अवघड वाटणारे काम शक्य असल्याचे दाखवलेच आहे.

कायदा होईपर्यंत एक काम मात्र आज करता येईल. परदेशात राहणाऱ्या किंवा तिथून परतलेल्या ज्या मराठी घरांत जुना वी, वी यू किंवा 3डीएस अजून आहे आणि त्यावर कधीकाळी गेम घेतलेले आहेत, त्यांनी तो सुरू करावा, घेतलेल्या गेमांची यादी उघडावी आणि जे जे मिळेल ते उतरवून घ्यावे.