पडद्यावरचा सुखी विद्यार्थी

जानेवारी १९६९. टोकियो विद्यापीठाच्या यासुदा सभागृहात ठाण मांडून बसलेल्या विद्यार्थ्यांवर पोलिसांनी पाण्याचे फवारे आणि अश्रुधूर सोडला. दोन दिवस चाललेली ती झुंज जपानने टीव्हीवर पाहिली. त्याच महिन्यात 'तोहो' या चित्रपट कंपनीचा नवा चित्रपट लागला होता. त्यात जपानी पडद्यावरचा लाडका विद्यार्थी मोटार कंपनीत नोकरीला लागतो. ही भूमिका करणारे युझो कायामा तेव्हा एकतीस वर्षांचे होते.

या विद्यार्थ्याची 'वाकादाइशो', म्हणजे 'तरुण सेनापती', ही चित्रपटमालिका १९६१ साली सुरू झाली. नायक सुकियाकीच्या जुन्या उपाहारगृहाच्या मालकाचा मुलगा. बाप चिडून घराबाहेर काढतो, आजी पाठीशी घालते. कधी पोहणं, कधी मुष्टियुद्ध, कधी मॅरेथॉन. खेळ बदलतो, विजय ठरलेला. आदल्याच वर्षी अमेरिकेबरोबरच्या सुरक्षा कराराविरुद्ध विद्यार्थी रस्त्यावर उतरले होते आणि संसदेच्या आवारात मिचिको कानबा ही विद्यार्थिनी मरण पावली होती. वाकादाइशोच्या विद्यापीठात याचा मागमूसही नाही.

म्हणून या चित्रपटांना खोटं ठरवणं सोपं आहे. मला ते अन्यायाचं वाटतं. त्याच काळात खेड्यांतली पंधरा वर्षांची मुलं शाळा संपवून, खास गाड्यांत बसून, टोकियोच्या कारखान्यांत कामाला येत होती. विद्यापीठाची पायरी त्यांच्या नशिबी नव्हती. पडद्यावरचा हा मुलगा पोटभर, अगदी हावरटासारखा जेवतो. युद्धानंतरची उपासमार आठवणाऱ्या प्रेक्षकांना त्या जेवणातही केवढं सुख दिसलं असेल! राजकारण वगळलं हा दोष खराच, पण ज्यांना तारुण्य असं मिळालंच नाही त्यांची आस या हलक्याफुलक्या गोष्टींनी जपली.

कायामांना मात्र ते सुख आयतं मिळालं होतं. वडील केन उएहारा युद्धापूर्वीचे नामवंत नट. स्वतः ते केइओ विद्यापीठाचे पदवीधर. त्यांच्या चेहऱ्यावरचा निर्धास्तपणा अभिनयाने आणलेला वाटत नाही. दिग्दर्शक अकिरा कुरोसावांनी नेमका तोच हेरला, असं मला वाटतं. एप्रिल १९६५मध्ये आलेल्या त्यांच्या 'लाल दाढी' या चित्रपटात कायामा यासुमोतो झाले. नागासाकीत डच वैद्यक शिकलेला, शोगुनच्या पदरी वैद्य व्हायला निघालेला हा तरुण गरिबांच्या दवाखान्यात नेमला जातो, तेव्हा तिथला गणवेश अंगावर घ्यायलाही नकार देतो. वाकादाइशोचा आत्मविश्वास इथे उद्दामपणा ठरतो. तोशिरो मिफुनेंचा करारी वैद्य आणि खितपत पडलेले रोगी हळूहळू तो मोडून काढतात. हा चेहरा आधीपासून आवडता असलेल्या प्रेक्षकाला ते पाहणं अधिक जड गेलं असणार.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये कायामा इलेक्ट्रिक गिटार घेऊन पुन्हा वाकादाइशो झाले आणि स्वतःच चाल लावलेलं प्रेमगीत गायले. समीक्षक याला घसरण म्हणू शकतील. मी म्हणणार नाही. यासुमोतोने काय गमावलं, हे समजायला मला त्या गिटारवाल्या मुलाचं हसू आधी पाहावं लागतं.