भिंतीचे छिद्र आणि विनयाचा विवेक

खिडकीला ब्लाइंड्स, म्हणजे सहसा दोरीने वरखाली किंवा तिरप्या करता येणाऱ्या पट्ट्यांचे पडदे, बसवताना भिंतीला छिद्र पाडावे की नाही, हा प्रश्न सहसा कारागिरीचा मानला जातो. परंतु जे घर पुढे दुसऱ्याच्या वापरात जाणार आहे, त्यावर आज राहणाऱ्याचा अधिकार कुठवर पोहोचतो, हा त्याच्या मुळाशी असलेला प्रश्न नीतीचा आहे, आणि बौद्ध भिक्षूंच्या आचारनियमांचा संग्रह असलेल्या विनयपिटकात त्याचा विचार फार बारकाईने झाला आहे.

विनयपिटकातील चुल्लवग्गाचा सहावा खंधक, म्हणजे सहावे प्रकरण, निवासस्थाने व तेथील सामानसुमान यांविषयी आहे. विहारांना खिडक्या नसल्याने डोळ्यांना त्रास होतो आणि आत दुर्गंधी कोंडते, म्हणून बुद्धांनी कठड्याच्या, जाळीच्या आणि गजांच्या अशा तीन प्रकारच्या खिडक्यांना अनुमती दिली. त्यांतून खारी व वटवाघळे आत शिरू लागली तेव्हा खिडकीच्या पडद्याला, आणि पडद्याच्या फटींतूनही ती येतात असे दिसल्यावर झडपांना अनुमती मिळाली, असे तेथे सांगितले आहे.

भिंतीविषयीचे दोन नियम तर शेजारी ठेवूनच वाचले पाहिजेत. भिक्षू आपल्या पिशव्या मंचकांना अडकवीत आणि उंदीर व वाळवी त्या कुरतडत, तेव्हा भिंतीत खुंट्या ठोकण्यास परवानगी देण्यात आली. याउलट, रंगकाम केलेल्या भिंतीला पाठ टेकल्याने तिचा रंग खराब होतो म्हणून तसे टेकणे दोष ठरले व टेकण्यासाठी फळी वापरण्याची सोय करून दिली गेली; आणि ती फळी खाली जमिनीला व वर भिंतीला ओरखडे पाडते असे लक्षात आल्यावर तिची दोन्ही टोके कापडाने गुंडाळावीत, इतका तपशील घालून देण्यात आला. एकाच प्रकरणात खुंटीचे छिद्र ग्राह्य आणि पाठीचा डाग अग्राह्य ठरतो, याचे कारण विनयाने गरज किती खरी आहे आणि टाळता येण्यासारखी हानी टाळली की नाही, हे पाहिले आहे.

या काळजीमागे मालकीची एक विशिष्ट कल्पना आहे. विहार हा ‘चातुर्दिश संघाचा’, म्हणजे चारही दिशांच्या, उपस्थित आणि पुढे येणाऱ्या सर्व भिक्षूंचा मानला जाई. नाशिकच्या पांडवलेण्यांतील 10 क्रमांकाच्या लेण्यात राजा नहपानाचा जावई उषवदात याने दिलेल्या दानाच्या शिलालेखातही हीच संज्ञा येते. ज्याला अजून कोणी पाहिलेले नाही अशा भावी रहिवाशाचाही भिंतीवर हक्क आहे, ही जाणीव आजच्या भाडेकरूलाही तितकीच लागू पडते.

या दृष्टीने पाहता ‘छिद्राविना’ बसवलेले ब्लाइंड्स आपोआप निर्दोष ठरत नाहीत. खिडकीच्या चौकटीत स्प्रिंगच्या ताणाने अडकणारा दांडा हलक्या पडद्याला पुरतो व बहुधा मागे काही ठेवत नाही. पण ब्लाइंड्स चिकटपट्टीने लावले असतील, तर ती उपटताना रंगासह गिलाव्याचा पापुद्रा निघू शकतो, आणि हे नुकसान ड्रिलने पाडलेल्या, प्लग ठोकून स्क्रू बसवलेल्या व नंतर पुट्टीने बुजवता येणाऱ्या छिद्रापेक्षा मोठे असू शकते. जड पडद्यांना मात्र ड्रिलचाच आधार लागतो. शिवाय लोंबणाऱ्या दोरीचा फास लहान मुलांच्या जिवावर बेतू शकतो, आणि जुन्या ब्लाइंड्सची दोरी उंचावर गुंडाळून ठेवण्यासाठीचा हुक भक्कम बसवायला भिंतीत स्क्रू घालावा लागत असेल, तर तेथे गिलाव्याची अखंडता राखण्याचा आग्रह विनयाच्या तर्काला धरून नाही. म्हणून भाड्याच्या घरात ब्लाइंड्स लावणाऱ्याने दोरीविरहित ब्लाइंड्स निवडावेत, छिद्र अपरिहार्य असल्यास मालकाची लेखी संमती घ्यावी, आणि घर सोडताना ते स्वतःच्या खर्चाने बुजवून, रंगवून द्यावे.