सत्तेच्या घरचा जावई आणि अस्तेय

सत्ताधारी घराण्याशी सोयरीक झाली, म्हणून व्यावसायिकाने व्यवसाय सोडावा का? तसे कोणी म्हणणार नाही. मात्र त्याने एक गोष्ट सतत तपासावी, समोरचा माणूस आपले काम पाहून दार उघडतो आहे की आपले नाते पाहून?

व्यावसायिक रॉबर्ट वद्रा यांचा १९९७ मध्ये प्रियंका गांधी यांच्याशी विवाह झाला. २००८ मध्ये त्यांच्या आस्थापनाने गुरुग्रामजवळ शिकोहपूर येथे सुमारे साडेतीन एकर भूमी घेतली. हा व्यवहार पुढे वादात सापडला. वद्रा यांनी आरोप नाकारले आहेत आणि निवाडा न्यायालयाचा आहे. नैतिक प्रश्न त्याहून सूक्ष्म आहे. अशा माणसाने काही मागितले नाही, तरी देणारा नाते ओळखूनच असतो.

याच घराण्यातील उदाहरण पहा. प्रियंका यांचे आजोबा फिरोज गांधी हे पंतप्रधान नेहरूंचे जावई. आयुर्विमा महामंडळाने मुंदडा यांच्या आस्थापनांत सुमारे सव्वा कोटी रुपये गुंतवले, याचा जाब त्यांनी डिसेंबर १९५७ मध्ये लोकसभेत सासऱ्यांच्याच शासनाला विचारला. न्यायमूर्ती छागला यांनी चौकशी केली. १९५८ मध्ये अर्थमंत्री कृष्णम्माचारी यांनी त्यागपत्र दिले. नाते प्रश्नाच्या आड आले नाही.

आपलाही एखादा नातेवाईक तहसील कार्यालयात असतो. रांगेतल्या इतरांआधी आपले काम झाले, तर मनाला विचारावे, ‘हे नाते नसते, तर हे मला मिळाले असते का?’ उत्तर ‘नाही’ असेल, तर ते आपले नव्हे. जे आपले नव्हे, ते न घेणे म्हणजेच अस्तेय!