पाचवे शील आणि आंब्याची वाफ



पंचशील आपण नित्य म्हणतो. घरी म्हणतो, विहारात म्हणतो, लग्नात म्हणतो, पुण्यानुमोदनाच्या वेळीही म्हणतो. इतक्या वेळा म्हणतो की पाचव्या शिलाचा अर्थ आपण एकाच शब्दात उरकून टाकला आहे : दारू. दारूला न शिवणारा माणूस निर्धास्तपणे सांगतो की माझे पाचवे शील अखंड आहे. मीही तसेच समजत होतो. ही समजूत माझ्याच वर्गातील एका मुलाने मोडली. तो प्रसंग आज आपल्यापुढे ठेवतो, कारण हा प्रश्न आता माझ्या एकट्याच्या वर्गाचा राहिलेला नाही.

मुलगा दहावीचा, आपल्याच वस्तीतला. त्याच्या दप्तरात पेन ड्राइव्हसारखी दिसणारी एक नळी सापडली. ती ई-सिगारेट होती. मुले तिला 'व्हेप' म्हणतात. मी ती हिसकावून घेतली आणि चारचौघांदेखत त्याला बोललो. तो म्हणाला, "सर, ही सिगारेट नाही. हिच्यात तंबाखू नाही, धूर नाही. आंब्याच्या वासाची नुसती वाफ आहे. पाचव्या शिलात दारू आहे, वाफ कुठे आहे? आणि तुम्हीच विहारात सांगितलं होतं ना, बुद्धांनी कालामांना सांगितलं की ऐकीव गोष्टी मानू नका, स्वतः तपासा? मी तपासलं. काही होत नाही."

वाचकहो, आमच्या घराण्यात पदवी घेतलेला मी पहिलाच. विज्ञान शिकवतो. तरीही त्या क्षणी मला उत्तर देता आले नाही, म्हणून मी ओरडलो. त्याच्या वडिलांना बोलावले. त्यांनी त्याला शाळेच्या आवारातच मारले. त्या रविवारपासून तो विहारात यायचा बंद झाला. माझ्या अज्ञानाची शिक्षा त्या पोराने भोगली. मग मी वाचू लागलो, डॉक्टरांना विचारू लागलो. त्या दिवशी जे उत्तर द्यायला हवे होते ते आज देत आहे.

पहिली गोष्ट, ती वाफ नव्हेच. भाताच्या पातेल्यावर येते ती पाण्याची वाफ. या नळीत बॅटरी असते, तापणारी तार असते आणि प्रॉपिलीन ग्लायकॉल व ग्लिसरीन यांचे द्रावण असते. त्यात बहुधा निकोटीन आणि वासासाठी रसायने मिसळलेली असतात. तार तापली की द्रावणाच्या अतिसूक्ष्म थेंबांचे धुके होते आणि ते थेट फुप्फुसात जाते. तापताना फॉर्माल्डिहाइड, ॲक्रोलिन यांसारखी दाहक द्रव्ये तयार होतात. तारेतून निकेल, क्रोमियम, शिसे यांचे कणही त्या धुक्यात उतरू शकतात.

दुसरी गोष्ट, पोटाला जे चालते ते श्वासाला चालतेच असे नाही. लोण्याचा वास देणारे डायअसेटिल हे द्रव्य खाण्याच्या पदार्थांत घालतात. ते खाऊन कोणी आजारी पडत नाही. परंतु २००० साली अमेरिकेतील मिसुरी राज्यात, मक्याच्या लाह्या तयार करणाऱ्या एका कारखान्यातील आठ माजी कामगारांच्या बारीक श्वासनलिका कायमच्या आकसलेल्या आढळल्या. तेच द्रव्य त्यांनी रोज कामावर श्वासातून घेतले होते. २०१५ साली हार्वर्ड विद्यापीठाच्या संशोधकांनी ई-सिगारेटचे ५१ स्वाद तपासले, त्यांपैकी ३९ मध्ये डायअसेटिल सापडले. स्वाद खाण्याजोगा आहे एवढ्यावरून तो ओढण्याजोगा ठरत नाही.

२०१९ साली अमेरिकेत धडधाकट तरुण मुले अचानक धाप लागून इस्पितळात दाखल होऊ लागली. फेब्रुवारी २०२० पर्यंत अशा २,८०७ रुग्णांची नोंद झाली आणि ६८ जण दगावले. त्यांतील बहुतेकांनी गांजाचा अर्क मिसळलेले द्रावण ओढले होते, आणि मुख्य दोष 'ई' जीवनसत्त्वाच्या ॲसिटेटवर आला. हे खरे सांगितले पाहिजे. भय दाखवण्यासाठी अर्धसत्य सांगणे हे चौथ्या शिलात बसत नाही. परंतु त्यातला धडाही घ्या. हेच द्रव्य चेहऱ्याच्या मलमात असते, गोळ्यांतही असते. कातडीला चालले, पोटाला चालले, फुप्फुसात मात्र प्राणघातक ठरले.

तिसरी गोष्ट, फुप्फुस स्वतःची झाडलोट स्वतः करते. श्वासनलिकांच्या आतून केसांसारखे सूक्ष्म तंतू असतात. ते सतत हलून धूळ आणि जंतू कफासह वर ढकलतात. हे धुके त्या झाडणाऱ्यांनाच लुळे करते. कफ साचतो, खोकला जडतो, छातीत घरघर होते, दमा असेल तर तो बळावतो. आणि निकोटीन क्षाराच्या रूपात मिसळले की घशाला ठसका लागत नाही. किती विष आत गेले हे पोराला कळतच नाही.

कोणी म्हणेल, विडी-सिगारेटपेक्षा तर बरे. ब्रिटनमध्ये सिगारेट सोडू पाहणाऱ्या प्रौढांना डॉक्टर हे साधन सुचवतात, हेही खरे. परंतु जो आगीत उभा आहे त्याला निखाऱ्यावर ये म्हणणे वेगळे, आणि अंगणात खेळणाऱ्या पोराला निखाऱ्यावर नेऊन उभे करणे वेगळे. ज्याने कधी विडी ओढली नाही त्याला या नळीतून फक्त व्यसन मिळते.

विडीचे नाव निघाले की मला माझी आजी आठवते. कामठी, भंडारा, गोंदिया या भागांत आपल्या आयाबहिणींनी पिढ्यान् पिढ्या विड्या वळल्या. सुपात तंबाखू घेऊन आजी दिवसभर बसे आणि रात्रभर खोकत असे. 'जयभीम' हे अभिवादन ज्यांनी रूढ केले त्या बाबू हरदास एल. एन. यांनी कामठीच्या विडी कामगारांना संघटित केले, आणि १९३९ साली ऐन पस्तिशीत क्षयाने त्यांचा अंत झाला. त्या पिढीने छाती झिजवली ती पोटासाठी. त्यांच्या नातवंडांनी ती चैनीखातर, स्वतःच्या खिशातून पैसे देऊन झिजवावी काय?

आता कालामांकडे वळू. केसपुत्त येथे तथागतांनी कालामांना ऐकीव गोष्टीवर, परंपरेवर, ग्रंथावर विसंबू नका असे सांगितले, हे त्या मुलाचे म्हणणे बरोबर होते. परंतु त्याने उपदेश अर्धाच घेतला. तथागतांनी कसोटीही दिली आहे. ही गोष्ट आचरली असता अहित होते काय, दुःख होते काय, सुज्ञ तिची निंदा करतात काय, हे पाहायचे आहे. विहीर खोल आहे की नाही हे उडी मारून तपासायचे नसते. जे बुडाले त्यांच्याकडे पाहणे आणि जाणत्याला विचारणे हाही तपासच आहे. आणि 'वाफेने काही होत नाही' हे त्या मुलाने तरी कुठून आणले? मित्राकडून आणि विकणाऱ्याकडून. म्हणजे ऐकीवच.

आणि पाचवे शील? १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला बाबासाहेबांनी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांमध्ये दारू न पिण्याची प्रतिज्ञा आहे. तिचे मोल कमी करता येणार नाही. परंतु पाचव्या शिलाचा गाभा आहे प्रमाद, म्हणजे मनाचा ताबा सुटणे. निकोटीनने झिंग येत नाही, तोल जात नाही, हे मान्य. परंतु जाग आल्याबरोबर हात ज्या वस्तूकडे जातो, जी सापडली नाही तर अभ्यासात लक्ष लागत नाही, आईवर डोळे वटारले जातात, ती वस्तू मनाची मालकीण झालेली असते. वाढत्या वयाच्या मेंदूला ही गुलामी लवकर जडते. ज्या समाजाने हजारो वर्षांची गुलामी झुगारली त्याच्या मुलाने बोटभर नळीची गुलामी पत्करावी, हे शोभत नाही.

शिवाय तथागतांनी ध्यानाची सुरुवात कुठून सांगितली? श्वासापासून. आनापानसतीला पैसा लागत नाही, मूर्ती लागत नाही, कोणाची परवानगी लागत नाही. श्वास आत येतो हे जाणावे, बाहेर जातो हे जाणावे. गरिबातल्या गरिबाजवळ असलेले हे धन आहे. तेच ही नळी हिरावून घेते.

केंद्र सरकारने १८ सप्टेंबर २०१९ रोजी वटहुकूम काढला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये कायदा करून ई-सिगारेटचे उत्पादन, आयात, विक्री आणि जाहिरात यांवर बंदी घातली. पहिल्या गुन्ह्याला एक वर्षापर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही आहेत. तरी वस्तू चोरून विकली जाते. जो विकतो तो आपला असो वा परका, विषाचा आणि मादक पदार्थांचा व्यापार तथागतांनी उपासकाला निषिद्ध सांगितला आहे, हे त्याला स्पष्ट ऐकवले पाहिजे.

परंतु मुलाला मारू नका. मार खाल्लेला मुलगा नळी सोडत नाही, विहार सोडतो. हे मी पाहिले आहे. त्याला जवळ बसवा, खरे तेवढेच सांगा, डॉक्टरकडे न्या. तंबाखू सोडवण्यासाठी १८००-११-२३५६ हा सरकारी दूरध्वनी क्रमांक विनामूल्य आहे. प्रत्येक विहारात महिन्यातून एक रविवार या विषयासाठी ठेवा.

मी त्या मुलाच्या घरी गेलो. त्याच्या आईसमोर त्याची माफी मागितली. बराच वेळ तो काही बोलला नाही. मग म्हणाला, "सर, सकाळी उठल्या उठल्या तीच आठवते." आता तो अधूनमधून विहारात येतो, मागच्या भिंतीला टेकून बसतो. दोनदा सोडली, दोनदा पुन्हा धरली. परवा आम्ही दहा श्वास मोजायला बसलो, तर सातव्या श्वासाला त्याला खोकला आला. त्याने पाणी प्यायले आणि पुन्हा एकपासून मोजायला सुरुवात केली.

बंधुभगिनींनो, पाचवे शील म्हणजे असेच पुन्हा एकपासून मोजणे होय. त्या वेळी त्याच्या शेजारी आपल्यापैकी कोणीतरी बसलेले असावे, एवढेच माझे मागणे आहे.

भवतु सब्ब मंगलं!