संवादी भ्रम आणि पेट्रोलच्या टाकीतला पंप

‘पंप गेला’ हे गॅरेजमध्ये नेहमी ऐकू येणारे वाक्य डोळ्यांनी पाहिलेल्या गोष्टीचे वर्णन वाटते. परंतु प्रमाणशास्त्राच्या, म्हणजे ज्ञान कोणत्या साधनाने होते आणि ते खरे कशावरून ठरते याचा विचार करणाऱ्या शास्त्राच्या, परिभाषेत ते प्रत्यक्ष नसून अनुमान आहे, आणि तेही बरेच आडवळणाचे. कार्ब्युरेटरच्या मारुती ८०० मध्ये पेट्रोल ओढणारा पंप इंजिनाच्या अंगालाच बसवलेला असे, इंजिन फिरले की त्याचा रबरी पडदा हलत असे, आणि नळी काढून सेल्फ मारला की पेट्रोलची चिळकांडी उडते की नाही हे कोणालाही दिसत असे. इंजेक्शनच्या गाड्यांमध्ये मात्र पंप विजेवर चालतो आणि टाकीच्या आत पेट्रोलमध्येच बुडवलेला असतो, कारण भोवतीचे पेट्रोल त्याला थंड ठेवते. तो साधारण ३ ते ४ बार इतका दाब निर्माण करून पेट्रोल पुढे इंजेक्टरपर्यंत ढकलतो, आणि हे सारे मागच्या सीटखाली, पत्र्याच्या झाकणाआड, कोणाच्याही दृष्टीस न पडता चालते. म्हणून असा पंप बदलल्यावर गाडी सुरू झाली, तर तेवढ्यावरून पंपच बिघडला होता असे सिद्ध होते काय, हा प्रश्न केवळ कारागिरीचा उरत नाही. नवस बोलल्यावर मूल बरे झाले, तर नवसामुळेच बरे झाले काय, या प्रश्नाची बांधणीही अगदी हीच आहे.

न्यायसूत्रांमध्ये अनुमानाचे जे तीन प्रकार सांगितले आहेत त्यांपैकी ‘शेषवत्’ या प्रकाराचे भाष्यकार वात्स्यायनाने दोन अर्थ दिले आहेत. एका अर्थाने ते कार्यावरून कारणाचे अनुमान होय, जसे नदीला गढूळ पूर आलेला पाहून वर पाऊस झाला असे जाणणे. दुसऱ्या अर्थाने ते परिशेषाचे, म्हणजे इतर शक्यता एकेक करून बाद केल्यावर जे उरते त्याचे अनुमान होय. मिस्त्रीला हे दोन्ही लागतात. गाडी सपाटीला नीट चालते पण घाटात पिकअप घेत नाही, उन्हात तासभर चालली की झटके देत बंद पडते आणि अर्ध्या तासाने काहीच न झाल्यासारखी सुरू होते, सकाळी सेल्फ बराच वेळ मारावा लागतो, मागच्या सीटखालून बारीक किणकिण ऐकू येते: या सगळ्या खुणा दाब कमी पडत असल्याकडे बोट दाखवतात. पंप बिघडला की दाब पडतो, ही व्याप्ती, म्हणजे एकीबरोबर दुसरी गोष्ट असतेच असा नियम, पक्की आहे. परंतु तिची उलट बाजू पक्की नाही. जेथे धूर तेथे अग्नी असतोच, पण जेथे अग्नी तेथे धूर असतोच असे नाही, कारण तापलेल्या लोखंडाच्या गोळ्यात अग्नी असूनही धूर नसतो, हे तर्कशास्त्राच्या पहिल्या पाठातले उदाहरण येथे जसेच्या तसे लागू पडते. दाब पडलेला असूनही पंप धडधाकट असू शकतो. तुंबलेला फिल्टर, टाकीतल्या गाळाने भरलेली पंपाच्या तोंडची जाळी, जळकट झालेला रिले, गंजलेले अर्थिंग किंवा नादुरुस्त प्रेशर रेग्युलेटर यांपैकी कोणीही तोच परिणाम घडवून आणू शकतो. गरम झाल्यावर बंद पडणे आणि निवल्यावर सुरू होणे ही खूण तर इंजिनाची गती मोजणाऱ्या सेन्सरच्या दोषातही जशीच्या तशी दिसते, आणि तेथे पेट्रोलच्या दाबाचा काहीच संबंध नसतो. असा हेतू, म्हणजे अनुमानाला आधार देणारी खूण, नैयायिकांच्या भाषेत ‘सव्यभिचार’ ठरतो; तो साध्याशी एकनिष्ठ नसतो, अन्यत्रही आढळतो.

मिस्त्री खुणांवर थांबत नाही, तो कान लावतो. चावी ऑन केली की इंजिन सुरू होण्याआधीच पंप साधारण २ सेकंद चालतो, नळ्यांमध्ये दाब भरतो आणि थांबतो. या दोन सेकंदांत एकाने चावी फिरवायची आणि दुसऱ्याने मागच्या सीटवर वाकून ‘सूंऽऽ’ असा आवाज येतो का ते ऐकायचे, ही परीक्षा सर्वत्र रूढ आहे. आवाज आला नाही तर पंप चालला नाही, हे अनुमान वाटते तितके सोपे नाही, कारण येथे अभावाचे ज्ञान कसे होते हा जुना वाद उभा राहतो. कुमारिल भट्टाच्या परंपरेतील मीमांसकांनी ‘अनुपलब्धी’, म्हणजे न आढळणे, हे स्वतंत्र प्रमाण मानले, पण त्याला ‘योग्य’ हे विशेषण जोडले: वस्तू असती तर ती जाणवलीच असती, अशी परिस्थिती असेल तरच तिचे न जाणवणे तिच्या अभावाचा पुरावा ठरते. शेजारी कॉम्प्रेसर धडधडत असताना पंपाचा आवाज न येणे ही अशी योग्य अनुपलब्धी नव्हे. सांख्यकारिकेत असलेली वस्तूही का जाणवत नाही याची आठ कारणे मोजून दिली आहेत. त्यांत मध्ये आलेला आडोसा आहे, इंद्रियातील दोष आहे, आणि एका गोष्टीने दुसरीला झाकून टाकणे, म्हणजे अभिभवही आहे. भर वस्तीतल्या गॅरेजला ही यादी जितकी उपयोगी पडते तितकी ती मठातही क्वचितच पडली असेल.

विजेची परीक्षा याहून फसवी आहे. पंपाची जोडणी काढून वायरच्या तोंडाशी मल्टिमीटर लावला आणि काटा किंवा आकडा १२ व्होल्ट दाखवू लागला, की वीज पोहोचते आहे, तेव्हा दोष पंपाचाच, असा निष्कर्ष काढला जातो. पण जोडणी काढलेली असताना त्या वायरमधून प्रवाह जवळजवळ वाहतच नाही, आणि गंजलेल्या सांध्याचा अडथळा प्रवाह वाहू लागल्याशिवाय प्रकट होत नाही. पंप जोडून चालू ठेवला आणि त्याच ठिकाणी पुन्हा मोजले तर तोच आकडा ८-९ वर आलेला दिसू शकतो. येथे मल्टिमीटर खोटे बोलत नाही. ज्या अवस्थेत प्रश्न विचारायला हवा ती सोडून दुसऱ्याच अवस्थेत तो विचारला गेलेला असतो.

या सर्वांत तात्त्विकदृष्ट्या सर्वांत बोलकी रीत मात्र गावठी म्हणून हिणवली जाते. गाडी रस्त्यात बंद पडली की काही चालक टाकीच्या बुडाला रबरी हातोड्याने किंवा चपलेने दोन-चार ठोके देतात, आणि पुष्कळदा गाडी सुरू होते. यात जादू नाही: पंपाच्या मोटारीत कार्बनचे दोन छोटे तुकडे, ज्यांना ब्रश म्हणतात, फिरत्या तांब्याच्या पट्ट्यांवर टेकलेले असतात, ते झिजले की एखाद्या जागी संपर्क तुटतो, आणि ठोक्याच्या हादऱ्याने तो पुन्हा जुळतो. ठोका बसल्याबरोबर आवाज येऊ लागला, तर दोष टाकीच्या आत आहे याची ती चांगली खूण असते. परंतु तोच हादरा टाकीवरच्या सैल कनेक्टरलाही बसतो, आणि मग ठोक्याने काय सिद्ध केले, हा प्रश्न पुन्हा उघडा पडतो.

आता प्रत्यक्ष बदलण्याचे काम पाहावे, कारण खरा पेच तेथे आहे. पंपाचा फ्यूज काढून इंजिन आपोआप बंद पडेपर्यंत चालवले जाते, म्हणजे नळ्यांतला दाब उतरतो. बॅटरीची निगेटिव्ह वायर सोडली जाते. मागची सीट उचलून, झाकण काढून, भोवतीची माती हवेने उडवली जाते, नाहीतर ती टाकीत जाते. मग कनेक्टर निघतो, नळ्यांच्या क्लिपा निघतात, पंप टाकीवर आवळून धरणारी प्लास्टिकची मोठी चुडी लाकडी ठोकळ्याने ठोकत ठोकत फिरवून सोडवली जाते आणि आतला सांगाडा जरा तिरका करून वर काढला जातो, कारण पेट्रोलची पातळी दाखवणाऱ्या तरंगत्या गोळ्याचा दांडा वाकला तर काटा कायमचा चुकीचा दाखवू लागतो. नव्या पंपाबरोबर नवी जाळी येते, नवी रबरी रिंग येते. कनेक्टर पुसून, त्याच्या पिना जरा आवळून पुन्हा बसवला जातो. टाकीतून काढलेले पेट्रोल कापडातून गाळून घेतले जाते किंवा फेकून नवे भरले जाते. बॅटरीची वायर घासून घट्ट केली जाते. चावी तीन-चार वेळा ऑन-ऑफ करून दाब भरला जातो आणि सेल्फ मारल्यावर गाडी पहिल्या झटक्यात सुरू होते.

पंप बदलला हे खरे. पण त्या तासाभरात पंपाखेरीज आणखी पाच-सहा गोष्टी बदलल्या. कार्यकारणाचा विचार करताना नैयायिकांनी ‘अन्यथासिद्ध’ अशी एक कोटी मानली आहे: कार्याच्या आधी जे हजर असते पण ज्याच्यावाचून कार्य अडले नसते ते. मडक्याच्या आधी कुंभाराचे माती वाहणारे गाढव होते, म्हणून गाढव मडक्याचे कारण होत नाही. नवा पंप हा कुंभार आहे की गाढव, हे गाडीच्या सुरू होण्यावरून कळत नाही. कदाचित जाळी बदलल्याने काम झाले असेल, कदाचित पिन आवळल्याने.

यावर न्यायदर्शनातील एक मूलभूत सिद्धान्त पुढे येईल. ज्ञानाचे खरेपण ज्ञानातच नसते, ते बाहेरून ठरते, असे म्हणणाऱ्या परतःप्रामाण्यवादी नैयायिकांनी त्याची कसोटी ‘प्रवृत्तिसामर्थ्य’ ही सांगितली, म्हणजे त्या ज्ञानावर विसंबून केलेली कृती सफल होणे: पाणी समजून गेला आणि तहान भागली, तर ते ज्ञान खरे. मीमांसकांनी उलट ज्ञान हे स्वतःच प्रमाण असते, बाधा आली तरच ते सोडावे, असे मानले. व्यवहारात गॅरेज पक्के नैयायिक आहे. गाडी चालली, बिल फाडले. परंतु कृती सफल होते ती ज्ञान खरे असल्यामुळेच, की ज्ञान चुकीचे असूनही ती सफल होऊ शकते, हा प्रश्न बौद्ध आचार्य धर्मकीर्तीने रत्नाच्या दृष्टान्ताने धारदार केला. दुरून दारात दिसणाऱ्या प्रकाशाला एक जण रत्न समजून धावतो, तो प्रकाश आतल्या दिव्याचा असतो. दुसराही तसाच प्रकाशाला रत्न समजून धावतो, पण तो प्रकाश खरोखर रत्नाचाच असतो, म्हणून त्याला रत्न मिळते. प्रकाशाला रत्न समजण्याची चूक दोघांचीही सारखीच, फळ एकालाच.

चौदाव्या शतकातील विद्यारण्यांनी पंचदशीच्या ‘ध्यानदीप’ या नवव्या प्रकरणात हाच दृष्टान्त घेऊन फळाला पोहोचवणाऱ्या चुकीला ‘संवादी भ्रम’ म्हटले, आणि तेवढ्यावर न थांबता आणखी उदाहरणे दिली. वाफेला धूर समजून कोणी अग्नीचे अनुमान केले आणि तेथे योगायोगाने अग्नी सापडला, तर तो अनुमानातला संवादी भ्रम. गोदावरीचे पाणी गंगेचे समजून अंगावर शिंपडले आणि शुद्धी मिळाली, तर तोही संवादी भ्रमच. दक्षिणगंगा म्हणून गोदावरीकडे पाहणाऱ्या मराठी वाचकाला या उदाहरणाची गंमत निराळी वाटेल, कारण येथे चूक झाली तरी ती फार दूरची नाही. विद्यारण्यांचा हेतू उपासनेचे समर्थन हा आहे: उपासना हे ब्रह्माचे साक्षात ज्ञान नसले, तरी ती त्याच दिशेला नेते, आणि फळाच्या वेळी संवादी भ्रम जसा यथार्थ ज्ञान होतो, तशी परिपक्व उपासनाही शेवटी विद्या होते. श्रद्धेकडे पाहण्याची ही दृष्टी उदार आहे, आणि भाविकाला वेड्यात काढणाऱ्या कोरड्या तर्कापेक्षा ती अधिक खोल आहे, यात शंका नाही.

पण या उदाहरणांत एक फट आहे, आणि ती पंपामुळे नजरेत भरते. रत्नाकडे धावणारा शेवटी रत्न हातात घेतो. त्या क्षणी दुसऱ्या प्रमाणाने, म्हणजे डोळ्यांनी, त्याला कळते की आपण पाहिला तो नुसता प्रकाश होता, रत्न हे आहे. वाफेवरून गेलेल्याला अग्नी दिसतो आणि वाफही दिसते. या दोघांचा भ्रम फळ मिळताच मोडतो. गोदावरीचे पाणी शिंपडणाऱ्याचे तसे होत नाही, कारण शुद्धी हे अदृष्ट, म्हणजे डोळ्यांना न दिसणारे, फळ आहे. ते मिळाल्यावरही तो ते पाणी गंगेचेच समजत राहील. गाडीचे सुरू होणे मात्र दृष्ट फळ आहे, साऱ्या गल्लीला ऐकू येणारे. आणि तरीही ते भ्रम मोडत नाही, उलट पक्का करते. पंप पुन्हा टाकीत, सीटखाली, आडोशाला गेलेला असतो. विद्यारण्यांच्या भ्रमाला फळ दुरुस्त करते. गॅरेजच्या भ्रमावर फळ झाकण घालते. नवस फेडायला गेलेल्या कुटुंबाची आणि त्यांच्या मागून तेथे येणाऱ्या शेजाऱ्यांची अवस्था या दुसऱ्या जातीची असते, असे म्हटल्यास ते श्रद्धेची निंदा ठरत नाही.

याचा तोटा त्या गाडीच्या मालकाला होत नाही. त्याची गाडी चालते, आणि त्याचे समाधान खोटे म्हणता येत नाही. तोटा शेजारी पाना धरून उभ्या असलेल्या पोऱ्याला होतो, कारण त्याने त्या दिवशी एक व्याप्ती शिकलेली असते: अशी खूण दिसली की पंप. पुढच्या महिन्यात त्याच खुणांची दुसरी गाडी येते, पंप बदलला जातो, गाडी पुन्हा तीन दिवसांनी घाटात बंद पडते, आणि तेव्हा दोष ‘डुप्लिकेट’ पंपाच्या माथी मारला जातो, व्याप्तीच्या नव्हे.

हा भ्रम मोडण्याचा मार्ग न्यायशास्त्राला माहीत आहे. अन्वय, म्हणजे एक असताना दुसरे असणे, याच्या जोडीला व्यतिरेक, म्हणजे एक नसताना दुसरे नसणे, पडताळायचा. नवी जाळी, पुसलेला कनेक्टर, ताजे पेट्रोल तसेच ठेवून फक्त जुना पंप परत बसवावा आणि गाडी पुन्हा घाटात न्यावी. दोष परतला तर पंप दोषी. दुपारभर मजुरी देऊन अशी परीक्षा करवून घेणारा मालक कोणत्याही शहरात सापडणार नाही. बदललेला जुना भाग परत मागून घेण्याची चांगली सवय मात्र अनेकांना असते, आणि नव्या पंपाच्याच खोक्यात घालून जुना पंप त्यांच्या हाती दिला जातो: पेट्रोलचा वास मारणारा, तळाची जाळी तांबूस गाळाने बुजलेली. त्याची डबी कापून आतले ब्रश झिजले होते की नाही हे पाहता येते, पण ते खोके बहुधा माळ्यावरच जाते.