जतन कशासाठी?

झालानाच्या डोंगराच्या पायथ्याशी सरकारी कचेऱ्यांची वस्ती आहे. येथे बदलून आलेल्या आम्हां कारकुनांचे निम्मे आयुष्य कागद सांभाळण्यात जाते आणि उरलेले, मुदत संपलेले कागद नष्ट करण्यात. मागे एका कचेरीत आम्ही नियमानुसार शेरा मारून एक जुने दप्तर रद्दीत काढले. काही महिन्यांनी एक वृद्ध गृहस्थ आपल्या नोकरीचा पुरावा शोधीत आले. तो त्याच दप्तरात होता. नियम आमच्या बाजूस होता, मन मात्र नव्हते. ज्याचा उपयोग आज दिसत नाही ते जपण्याचे ऋण आपल्यावर आहे काय, हा प्रश्न तेव्हापासून सलतो आहे.

अशा वेळी पुण्याची आठवण होते. १८७५-७६ साली ब्यूलर हे पंडित मुंबई सरकारसाठी हस्तलिखिते शोधीत काश्मीर, राजपुताना व मध्य हिंदुस्थान हिंडले. त्या फेरीत काश्मिरातून आदिपर्वाची भूर्जपत्रांवरील, शारदा लिपीतील एक पोथी आली. पुढे १९१७ साली भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिर स्थापन झाले आणि हा सरकारी संग्रह तेथे आला. १९१९ साली महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीचे कार्य आरंभले गेले, आणि सुखठणकरांनी आदिपर्वाची संहिता ठरविताना याच पोथीस मोठा मान दिला. १९६६ साली ते कार्य सिद्धीस गेले. ज्या घराने ती भूर्जपत्रे पिढ्यान्‌पिढ्या राखली, त्याला यातले काय ठाऊक होते? उपयोग ठरविण्याचा अधिकार राखणाऱ्याचा नसतो. तो अजून न आलेल्या वाचकाचा असतो.

मग सारे कुलूपबंद ठेवावे काय? जैसलमेरच्या किल्ल्यातील जैन भांडारांनी ताडपत्रे शतकानुशतके टिकविली ती बंद दारांच्या बळावर, हे खरेच. परंतु कुलूप चोरास अडविते तसे वाचकासही अडविते. ५ जानेवारी २००४ रोजी एका इंग्रजी ग्रंथाच्या निमित्ताने जमाव भांडारकर संस्थेत शिरला आणि त्याने पोथ्यांची व ग्रंथांची नासधूस केली. तो जमाव परमुलखातून आला नव्हता. तो आपल्याच माणसांचा होता. ज्या पोथीशी आपले काही नाते आहे असे कधी वाटलेच नाही, ती फाडताना हात कचरत नाही. वाचक हाच पोथीचा खरा पहारेकरी, हे त्या दिवशी दिसले.

म्हणून आम्हांस वाटते, जतन म्हणजे केवळ कीड, वाळवी आणि ओल यांपासून राखणे नव्हे. राखलेले वाचणाऱ्याच्या हाती देणे हा त्याचाच उत्तरार्ध होय. आम्ही पंडित नव्हे, साधे कारकून. तरीही हल्ली दप्तरावर नष्ट करण्याचा शेरा मारण्यापूर्वी ते एकवार उघडून पाहतो. त्या वृद्ध गृहस्थांचे देणे त्याने फिटत नाही. पण त्यांच्यामागून येणारा दुसरा कोणी रिकाम्या हाताने परतू नये, एवढे तरी आमच्या हाती आहे.